जास्तीची काकडं

"मासे खात नाहीत म्हणे." दारात उभ्या असलेल्या दादा फणशांनी हे मला नाही, माझ्या चपलांना विचारलं.

"नाही खात," मी म्हणालो.

"म्हणजे शेवळं सोड्यांशिवाय करायची." त्यांनी मान वळवून आत हाक दिली, "ऐकलंस का गं? सोडे नकोत! ह्यांना चालत नाहीत!" आणि मग दारातून बाजूला झाले. या नाही, बसा नाही. चौदा महिन्यांनी पोरगी घरी आलेली, पोटात पाच महिन्यांचं मूल, तिच्याकडे बघितलंसुद्धा नाही त्या माणसानं.

मी निलंग्याचा. आमच्यात पिढ्यानपिढ्या मासे-मटण नाही. निरुपमा रोह्याची, फणशांची, सोड्यांशिवाय, म्हणजे सुकवलेल्या कोलंबीशिवाय, ज्यांची भाजी पुरी होत नाही अशा घरातली. पुण्यात टेलिफोन खात्यात ती ऑपरेटर आणि मी लाइनवरचा माणूस. लग्न रजिस्ट्रारनं लावलं, तिच्या घरून कुणी आलं नाही. माझी आई मी कॉलेजात असतानाच गेलेली, घरात बाईमाणूस नाही. त्यामुळे निरूला पाचवा लागला तेव्हा तिनं एकच धोशा लावला. पहिलं बाळंतपण आईकडे करायचं, आणि तिची आई म्हणजे माई एकदा हो म्हणाली की दादा कितीही गुरगुरले तरी होईल.

आणि नेमकं जूनच्या पहिल्या आठवड्यात माईंचं कार्ड आलं. शेवळं आली आहेत, जावयांना घेऊन ये, शेवळं आली आहेत. तेच वाक्य दोनदा. मी हसलो, म्हटलं, तुझ्या आईला शेवळांचं फारच कौतुक दिसतंय. निरू हसली नाही. कार्ड उलटं करून म्हणाली, "पत्ता दादांच्या अक्षरात आहे, मन्मथ. म्हणजे त्यांनीच टाकलंय हे पोस्टात." त्या एका पत्त्याच्या भरवशावर आम्ही पहाटेची पहिली एसटी धरली.

वाटेत पेणच्या स्टँडवर गाडी थांबली तेव्हा डोंगरातल्या ठाकरणी पाट्या घेऊन बसलेल्या होत्या. निरूनं मला खिडकीतून शेवळं दाखवली. मिटलेल्या छत्रीसारखी, वर टोकदार, जांभळट-तपकिरी, जुड्या बांधून ठेवलेली. डोंगरात कंद जमिनीखाली वर्षभर झोपून राहतो, आणि आधी पान नाही, थेट हे फूल वर येतं, असं ती सांगत होती. प्रत्येक जुडीशेजारी आवळ्यापेक्षा लहान, हिरव्या आंबट फळांचा घोस सुतळीनं बांधलेला.

"ही काकडं," ती म्हणाली. "ह्यांचा रस घातल्याशिवाय शेवळं खाताच येत नाहीत. घशाला अशी खाज सुटते की माणूस दोन दिवस पाणी गिळू शकत नाही. म्हणून ठाकरणी शेवळं एकटी विकतच नाहीत. शेवळं घेतली की काकडं घ्यायचीच."

हे तिनं मला सांगितलं नसतं तर फार बरं झालं असतं. पण ते पुढचं.

तर आम्ही घरात गेलो. माई स्वयंपाकघरातून पदराला हात पुसत आल्या. गोऱ्या, ठेंगण्या, हसतमुख. निरूला पोटाशी धरलं, माझ्याकडे बघून म्हणाल्या, "या हो जावईबापू. कुठलं गाव म्हणायचं तुमचं?"

"निलंगा," मी म्हणालो.

"लातूरकडे आलं ते," दादा मध्येच म्हणाले.

त्या आत गेल्या, पाणी घेऊन आल्या. "कुठलं म्हणालात गाव?"

"निलंगा."

चहा घेऊन आल्या तेव्हा परत, "आणि गाव कुठलं तुमचं?"

आता माझं डोकं सणकलं. मला वाटलं, मुद्दाम चाललंय. इतकं काय क्षुल्लक आहे आमचं गाव, की तीनदा सांगून ह्यांच्या कानात शिरत नाही? मी उत्तर देणार तेवढ्यात दादा खेकसले, "निलंगा! निलंगा सांगितलं ना त्यांनी? तू भाजीचं बघ जा." बायकोला असं परक्यासमोर? मी मनात म्हटलं, वा रे फणसे, कुळाचा एवढा टेंभा आणि ही रीत.

दादा सर्व्हे खात्यातून रिटायर झालेले. उंच, हडकुळे, घरातही शर्टाचं वरचं बटण लावलेलं. आयुष्यभर लोकांच्या बांधावर उभं राहून हे तुझं, हे त्याचं करत आलेला माणूस. मला समोर बसवून त्यांनी तीन प्रश्न विचारले. पगार किती, क्वार्टर मिळालंय का, आणि तुमच्याकडे खातात काय.

"ज्वारीची भाकरी," मी म्हणालो.

"रोज?"

"रोज."

"हं," ते म्हणाले. त्या हं-ची किंमत मी आजही लावू शकत नाही.

निरू उठून स्वयंपाकघराकडे निघाली. दादांनी हात आडवा केला. "तू कुठे?"

"माईला मदत करते. शेवळं साफ करायला वेळ लागतो."

"काही नको. तिची ती करेल."

"अहो दादा, खालचा पिवळा भाग काढायचा, चिरायची, चिंचेच्या पाण्यात..."

"मला शिकवू नकोस. पस्तीस वर्षं करतेय ती. बस इथे."

निरू बसली. तिचा चेहरा उतरला. मला सरळ अर्थ लागला, की परजातीत गेलेल्या पोरीचा हात आता ह्यांच्या चुलीला चालत नाही. वर दादा स्वतःच उठून दर पाच मिनिटांनी आत चक्कर टाकत होते, पहारेकऱ्यासारखे. आतून त्यांचा दबका आवाज यायचा, मग भांड्याचा. एकदा माईंचं, "माहितेय हो मला, जा तुम्ही बाहेर," असं स्पष्ट ऐकू आलं.

बारा वाजता निरूनं धीर करून विषय काढलाच. "दादा, सातवा लागला की मी इकडे येऊ? माईजवळ?"

"नाही."

नुसतं नाही. पुढे काही नाही, मागे काही नाही.

"दादा, पहिलं आहे हो..."

"इथे जमायचं नाही, निरू. पुण्यात चांगली हॉस्पिटलं आहेत."

माई आतून म्हणाल्या, "येऊ दे की हो. मी आहे ना."

"तू गॅसकडे बघ!" दादा ओरडले.

निरूच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. माझी मूठ वळली, खरं सांगतो. म्हातारा नसता तर तिथंच काय ते झालं असतं. मी म्हणालो, "चल ऊठ. आपल्याला गरज नाही ह्यांच्या उपकाराची." निरूनं माझ्या मनगटावर हात ठेवला आणि डोळ्यांनीच विनवलं. जेवून जाऊ. आईनं केलंय. म्हणून मी बसलो.

तीन ताटं मांडली. दादा, मी, निरू. माई वाढायला. त्या मागाहून जेवणार, आम्ही कितीही म्हटलं तरी. भात, वरण, तांदळाची भाकरी, सोलकढी, आणि मध्ये पातेलंभर शेवळांची भाजी. माईंनी मोठ्या हौसेनं माझ्या ताटात दोन डाव घातले. "नुसती केलीय हो तुमच्यासाठी. सोडे अजिबात नाहीत. बघा बरं कशी झालीय."

मी घास घेतला. चव खरंच वाईट नव्हती. दुसरा घेतला. तिसऱ्याला जिभेवर टोचल्यासारखं झालं. मग टाळ्याला. मग घशात जणू कुणी कुसळं भरून ठेवलीत. गिळलं तर टोचतं, नाही गिळलं तरी टोचतं. कानाच्या आतपर्यंत खाज गेली. डोळ्यांतून पाणी काढत मी समोर बघितलं.

दादा शांतपणे जेवत होते. भाकरीचा तुकडा, भाजी, तुकडा, भाजी. कपाळावरची एक रेघ हलली नाही.

शेजारी निरूनं पहिला घास तोंडात घातला आणि थांबली. तिनं माझ्या मांडीला एवढ्या जोरात चिमटा काढला की कळ डोक्यात गेली. मला वाटलं, म्हणतेय सोस, माझ्यासाठी सोस. मी सोसत होतो ना! पण तेवढ्यात दादा तिला म्हणाले, "निरू, ती भाजी बाजूला ठेव. तुझ्या अवस्थेत नको ती."

अस्सं! पोरीला नको, आणि जावयाला?

"कढी घ्या," दादा मला म्हणाले. वाटी माझ्याकडे सरकवली. "प्या. भरपूर प्या."

त्यांच्या तोंडावर हसू नव्हतं, पण मला ते दिसलं. मला त्या दिवशी सगळं दिसत होतं. मी वाटी परत सरकवली. "नको."

"घ्या म्हणतो ना."

"नको म्हणतो ना मी!"

माई भाकरी घेऊन आल्या. "आवडली का हो?"

"फक्कड," दादाच म्हणाले. "मला वाढ आणखी." त्यांनी घेतली. ती संपवली. "आणखी वाढ." परत घेतली. त्यांचे कान लालभडक झाले होते आणि माणूस हावरटासारखा खात सुटला होता. मी मनात म्हटलं, जन्मभर खाऊन खाऊन ह्याच्या घशाला घट्टे पडलेत, आणि आता मला दाखवतोय, बघ लेका, आमच्या घरात बसायला कसला घसा लागतो.

मी उठलो. चूळ भरायला मागच्या मोरीकडे निघालो. वाट स्वयंपाकघरातून. आणि तिथे ओट्यावर, तांदळाच्या डब्याशेजारी, काकडांचा घोस पडलेला. हिरवागार, टवटवीत. सुतळी जशीच्या तशी. एक फळ काढलेलं नाही.

माझ्या डोक्यात पेणचा स्टँड लख्ख उभा राहिला. बस्स. कोडं सुटलं. मुद्दाम केलं होतं! कार्ड टाकून बोलावलं, वेगळी भाजी केली, पोरीला आत जाऊ दिलं नाही, तिचं ताट बाजूला केलं, आणि मला हे चारलं!

मी घोस उचलला, बाहेर आलो आणि दादांच्या ताटात आपटला. वरण उडालं त्यांच्या शर्टावर.

"हे काय आहे?"

"मन्मथ!" निरू किंचाळली.

"तू गप्प बस! ह्यांना विचारतोय. आम्ही अडाणी असू, पण एवढं आम्हालाही कळतं. काकडं न घालता शेवळं माणसाला घालतात का? पोरगी नको तर नको म्हणा तोंडावर! घरी बोलावून जावयाला विष घालता?"

दादा उभे राहिले. मला वाटलं मारतील. त्यांनी मारलं असतं तर मी आज सुखी असतो. पण ते माझ्याकडे बघतच नव्हते. ते दाराकडे बघत होते. दारात माई उभ्या होत्या, हातात डाव.

"काकडं?" माई म्हणाल्या. "घातली ना मी."

"घातलीस," दादा लगेच म्हणाले. "घातलीस की. ही जास्तीची आणलेली." ते खाली बसले. ताटातला तो घोस उचलून त्यांनी जमिनीवर ठेवला आणि त्याच्याखालची भाजी भाकरीत धरून तोंडात घातली. "काही खाजत नाहीये. ह्यांना सवय नाही एवढंच."

आणि मी! मी म्हणालो, "खोटं बोलताय. किती जुड्या आणल्या होत्या? शेवळाच्या जुडीला एकच घोस येतो. ही सुतळी बघा! सोडलेलीच नाही. ह्यातलं एक तरी काढलंय का?"

माई पुढे आल्या. खाली वाकून घोस हातात घेतला, सुतळी बोटानं ओढून बघितली. मग पातेल्यात बोट बुडवून जिभेला लावलं. दादा "अगं, नको" म्हणेपर्यंत लावलंही.

त्या भिंतीला टेकून हळूहळू खाली बसल्या.

"सोडे नव्हते ना," त्या म्हणाल्या. "सोडे भिजत घातले की मग मी काकडं ठेचायला घेते. सोडे नव्हते." आणि पुन्हा, लहान मुलीनं बाईंना सांगावं तसं, "आज सोडे नव्हते हो."

निरू आईजवळ जायला उठली. दादांनी तिला अडवलं नाही ह्या वेळी. त्यांनी उष्ट्या हातानंच घड्याळाकडे बोट केलं आणि मला म्हणाले, "तीनची गाडी आहे पुण्याला. चुकवू नका."

रोह्याच्या स्टँडवर आम्ही बाकावर बसलो. माझा घसा पेटलेला. निरूनं कुठूनसं लिंबू आणून दिलं, ते मी चोखत होतो. लिंबाचे हात तिनं पदराला पुसले. मग म्हणाली, "दादांना शेवळं आवडत नाहीत."

"काय?"

"लहानपणापासून बघतेय मी. एक चमचा घेतात, माईचं मन राखायला, आणि पुरे म्हणतात. आज तीनदा घेतली."

"मग का खात होते एवढी?"

"पातेलं संपवत होते, मन्मथ. आपलं झालं की माई जेवायला बसली असती ना."

लिंबू माझ्या हातातच राहिलं.

"तुला गाव तीनदा विचारलं तिनं," निरू म्हणाली. "कार्डात एकच वाक्य दोनदा. मला आत जाऊ देत नव्हते. मला पहिल्या घासाला कळलं सगळं. म्हणून तर तुला चिमटा काढला."

"मग सांगायचं होतंस तोंडानं!" मी म्हणालो. बघा, तेव्हासुद्धा मी तिच्यावरच ओरडलो.

"तिच्यासमोर?" निरू म्हणाली, आणि तीनची गाडी लागली.

बाळंतपण पुण्यात झालं. शेजारच्या कुलसुमबी दोन महिने येऊन-जाऊन होत्या, त्यांनी केलं सगळं. मुलगी झाली. दादांना तार केली, त्यांची मनीऑर्डर आली, वर निरूचं नाव, माझं नाही. त्यानंतर निरू दर वर्षी दोनदा रोह्याला जायची, मुलीला घेऊन. मी स्टँडपर्यंत सोडायचो. मला कुणी या म्हटलं नाही आणि मीही गेलो नाही. लाज होती हे खरं, पण खोटं का बोलू, रागही होता. एवढं होतं तर आधी सांगायला काय जीभ झडली होती त्यांची? एक शब्द बोलले असते तर मी पातेलं चाटून पुसून संपवलं असतं! हे मी निरूला कितीतरी वेळा ऐकवलं. ती म्हणायची, तुला कशाला सांगतील, तू कोण होतास त्यांचा.

निरू सांगायची, माईंनी त्या दिवसानंतर चूल सोडली. आपणहून. गॅसजवळ जायलाच तयार नाहीत. दादाच करतात सगळं. वरण-भात, आमटी, भाकऱ्या. दादांना पासष्टाव्या वर्षी भाकरी थापायला शिकावं लागलं. आणि माई दिवसेंदिवस सगळं विसरत चालल्या. आधी भावाचं नाव, मग रस्ता, मग मोरी.

सात वर्षांनी दादांचं कार्ड आलं. तुझ्या आईला बघून जा, उशीर करू नको. खाली एक ओळ, दोघेही यावे. त्यातलं दोघेही वाचून मी रजा टाकली.

दार दादांनीच उघडलं. वरचं बटण लावलेलं. ह्या वेळीही या म्हणाले नाहीत, पण बाजूला लवकर झाले.

माई खिडकीपाशी खुर्चीत बसलेल्या. केस कापलेले, तोंड सुपारीएवढं झालेलं. निरू त्यांच्या पायाशी बसली, हात हातात घेतला. "माई, मी निरू."

माईंनी तिच्याकडे कौतुकानं बघितलं. "छान हो. कुणाच्या तुम्ही?"

निरू तशीच हसत राहिली, आणि मग तिला हसू धरता येईना. पोटच्या पोरीला कुणाच्या तुम्ही! मुलगी पुढे झाली, आजी म्हणाली, तर माईंनी तिला शेजाऱ्यांची समजून खुर्चीखालची पेपरमिंटची बरणी दाखवली. दादांनाही त्या मास्तर म्हणत होत्या. घरात ओळखीचं असं त्यांना कुणी उरलं नव्हतं.

मी दाराशीच उभा होतो. म्हटलं, एवढ्या माणसांत मी कशाला त्रास द्यायचा त्यांना. तेवढ्यात त्यांची नजर माझ्यावर आली. आली आणि थांबली. चेहऱ्यावरचं ते मोघम हसू गेलं. दोन्ही हातांनी खुर्चीचे दांडे धरून त्या उठायला बघू लागल्या.

"जावईबापू," त्या म्हणाल्या.

निरूनं झटकन माझ्याकडे बघितलं.

"जावईबापू, घातली होती हो मी काकडं."

मी जवळ गेलो, खाली बसलो. आयुष्यात पहिल्यांदा मी त्या घरात खालच्या आवाजात बोललो. "हो माई. घातली होती तुम्ही. ती जास्तीची होती."

"जास्तीची होती ना?"

"जास्तीची."

त्यांनी मान हलवली. पटल्यासारखी. मला वाटलं, झालं, सुटलो. मग त्यांनी माझ्या तोंडाजवळ वाकून, अगदी मायेनं विचारलं, "मग पानात का टाकलीत हो?"

मी निरूकडे बघितलं. निरू खाली बघत होती.

मागून, दारातून, दादा म्हणाले, "सांगा की. विचारतेय ती."